'महल'चा कॅमेरामन

ती. आई-बाबांस,
शि. सा. न.

बाबा, 'महल' चित्रपटातला तो अंधार कोणाचा, असं फोनवर विचारलंत ना? कॅमेरामन जोसेफ विर्शिंगचा. म्युनिकचा जर्मन, जन्म १९०३. १९२५ साली हिमांशु राय आणि फ्रान्झ ऑस्टेन या दिग्दर्शकांच्या 'प्रेम संन्यास' या मूकपटासाठी तो पहिल्यांदा इकडे आला. स्टुडिओ नाही, कृत्रिम दिवे नाहीत, सगळं उन्हावर. भर दुपारी डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात, म्हणून रिफ्लेक्टरने खालून उजेड द्यावा लागतो. तो जास्त झाला की नट डोळे बारीक करतो. त्यात तेव्हा सर्रास मिळणाऱ्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मला लाल रंग दिसतच नसे: ओठ काळे, सावळा चेहरा आणखी काळवंडलेला, आभाळ पांढरंफटक.

१९३४ला बॉम्बे टॉकीज ही फिल्म कंपनी निघाली आणि हा मालाडला आला. बोलपटात वेग सेकंदाला २४ चौकटींवर बांधलेला. मूकपटाच्या सोळाच्या हिशेबाने दीडपट उजेड लागतो, म्हणजे दिवे वाढले, उकाडाही. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये शिरू नये म्हणून त्यावर जाड आवरण. 'अछूत कन्या' याच काळातली, १९३६ची. १९३९ला युद्ध पेटलं आणि जर्मन म्हणून इंग्रजांनी त्याला नजरकैदेत टाकलं. उमेदीची वर्षं तिथेच गेली.

सुटल्यावर १९४९चा 'महल'. अंधार दाखवायला दिवे बंद करून भागत नाही, तसं केलं तर फिल्मवर नुसता राखाडी चिखल उतरतो. एक दिवा बाजूने, समोरचा जवळजवळ काढलेला, आणि मागून केसांवर बारीकसा उजेड. नाहीतर काळे केस काळ्या भिंतीत विरून जातात. प्रिंट जरा गडद निघाली की सावलीतलं सगळं गेलंच. कौतुक त्याच्या 'पाकीझा'चं जास्त होतं, पण धीट काम मला हेच वाटतं.

'पाकीझा' सिनेमास्कोप, म्हणजे खूप रुंद चित्राचा. कॅमेऱ्याची लेन्स चित्राची रुंदी दाबून निम्मी करते, प्रोजेक्टरची लेन्स ती परत ताणते. १९६७ला विर्शिंग वारला, उरलेलं चित्रण इतरांनी पुरं केलं. चित्रपट आला १९७२ला.

आई, टीव्हीवर बघशील तेव्हा रिमोटवरचं झूम काढून टाक. वर-खाली काळ्या पट्ट्या येतील, येऊ देत. त्या घालवायला गेलीस तर दोन्ही कडा कापल्या जातात, आणि 'इन्हीं लोगों ने'च्या वेळी मागच्या कोठ्यांवर नाचणाऱ्या निम्म्या मुली दिसतच नाहीत.

तुमची,
धाकटी