मृणाल, पुढच्या डावात बस

कराड

चि. मृणाल,
अनेक आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू सहज बोलून गेलीस, पण मी त्यावरच विचार करते आहे. तुमच्या वसतिगृहात रात्रीची जेवणं झाली की खालच्या मोठ्या खोलीत सगळ्या जणी पत्त्यांचा तो इजिप्शियन रॅटस्क्रू घेऊन बसतात, धडाधड हात आपटतात, आरडाओरडा करतात, आणि तू सोफ्यावरून बघत असतेस. त्या बोलावतात तेव्हा म्हणतेस, "तुम्ही खेळा, मी आधी नीट समजून घेते." समजून घेता घेता सत्र निम्मं सरलं, बाळा.

तुझा स्वभाव मला माहीत आहे. शाळेत उत्तर येत असलं तरी पुरती खात्री झाल्याशिवाय तुझा हात वर जायचा नाही. "मृणाल कधी चुकत नाही" असं बाई कौतुकाने सांगायच्या. अभ्यासात ते चाललं, चांगलंच चाललं. या खेळात मात्र तुझी खात्री होईपर्यंत मधल्या पानांचा ढीग दुसरीच्या मांडीवर गेलेला असतो. बघून हा खेळ कुणालाच येत नाही, आणि हेच सांगायला आज लिहायला बसले आहे.

मी ऐकीव बोलत नाहीये. तू सांगितलेले नियम दादाने वहीत उतरवून घेतले आणि हल्ली जेवणानंतर आम्ही तेच खेळतो. आजीसुद्धा.

इजिप्शियन रॅटस्क्रू हे नाव ऐकून आजीने आधी नाकच मुरडलं होतं. इजिप्तचा त्यात काहीच संबंध दिसत नाही. अमेरिकेतल्या शाळा-कॉलेजांत आणि सुट्टीतल्या शिबिरांत मुलं एकमेकांना शिकवत आली, म्हणून दर टोळक्याचे नियम थोडे वेगळे. आतला सांगाडा इंग्लंडमधल्या 'बेगर माय नेबर' या जुन्या खेळाचा. सगळी पानं वाटायची, आपली पानं बघायची नाहीत, पालथी गठ्ठी हातात धरून एकेक पान मधे उलटायचं. चित्र किंवा एक्का पडला की पुढचीने त्याला उत्तर द्यायचं: एक्क्यावर चार पानांची संधी, राजावर तीन, राणीवर दोन, गुलामावर एकच. तेवढ्यात तिचं चित्र किंवा एक्का निघाला तर ओझं तिच्या पुढचीवर. नाही निघाला तर ज्याचं चित्र, त्याचा ढीग. आणि या सगळ्याच्या वर तो हात मारणं. लागोपाठ दोन सारखी पानं पडली, किंवा दोन सारख्यांच्या मधे एक वेगळं आलं, की ज्याचा हात आधी पडेल त्याचा ढीग.

आता आपला भिकार-सावकार आठव. मे महिन्यात आजोळच्या माडीवर तुम्ही पोरं दुपारभर तेच करत असायचात. पानावर सारखं पान पडलं की टाकणाऱ्याने सगळा ढीग ओढायचा आणि ज्याची पानं संपली तो भिकारी. म्हणजे तुझ्या मैत्रिणी खेळतात त्यातलं निम्मं तुला लहानपणापासून येतं. नवीन काय, तर ढीग टाकणाऱ्याचा नसून आधी हात मारणाऱ्याचा आहे.

एवढ्या एका बदलाने खेळ कुठल्या कुठे गेला आहे. भिकार-सावकारात, किंवा त्या इंग्रजी खेळातही, आपण ठरवत काहीच नाही. पानं वाटली त्याच क्षणी कोण जिंकणार ते ठरून गेलेलं असतं, आपण फक्त उलटत राहायचं. डाव कधीच संपणार नाही अशी पानं पडू शकतात का, हा त्या इंग्रजी खेळाबद्दलचा प्रश्न गणितवाल्यांना कित्येक वर्षं सुटत नव्हता. जॉन कॉनवेसारख्या मोठ्या गणितज्ञानेही तो मांडला होता. शेवटी फेब्रुवारी 2024 मध्ये तसा डाव सापडला: फिरत फिरत पानं पुन्हा आधीच्याच मांडणीवर येतात आणि खेळ चालूच राहतो. दादाने मला हे वाचून दाखवलं तेव्हा मला तुमची माडीवरची भांडणं आठवली. चार वाजता चहाला हाक मारली तरी "डाव संपला नाही" म्हणून कुणी उठायचं नाही. हात मारायची मुभा आली आणि माणूस खेळात आला. पानं कशीही वाटली जावोत, लक्ष असेल तर तुझी पाळी नसतानाही डाव तुझा होऊ शकतो.

दादाने थोडं गणितही मांडलं, तुला आवडेल म्हणून लिहिते. नुकत्याच पिसलेल्या कॅटमध्ये एखाद्या पानावर सारखं पान पडण्याची शक्यता 51 मध्ये 3, म्हणजे 17 मध्ये 1. एक पान सोडून जुळायची शक्यताही तेवढीच. दोन्ही धरली तर साधारण आठ-नऊ पानांमागे एकदा हात मारायची वेळ येते. आणि चुकून मारला तर दंड काय? आपलं एक पान ढिगाखाली सरकवायचं. एकच पान! समोर आठ-दहा पानांचा ढीग असताना एका पानाच्या भीतीने तू हात आखडून बसतेस, हे मला पटत नाही. दर पानावर आपटत सुटावं असं म्हणत नाही मी. तशी गठ्ठी पाहता पाहता रिकामी होईल आणि बाकीच्याही वैतागतील. पण सारखं दिसल्यासारखं वाटलं तर हात जाऊ दे. चुकला तर एक पान दे आणि पुढचं बघ.

दुसरं गणित गुलामाचं. आपल्याला एक्का भारी वाटतो, इथे गुलाम भारी. गुलामावर पुढचीला एकच पान मिळतं, आणि ते साधं निघण्याची शक्यता सत्तर टक्क्यांच्या आसपास. राणीवर ढीग निम्म्या वेळा मिळतो, राजावर तीनातून एकदा, एक्क्यावर चारातून जेमतेम एकदा. म्हणून गुलाम पडला की सगळ्यांनी सावध व्हायचं, कारण पुढच्याच पानाला ढीग हलण्याचा संभव असतो. नेमकं तिथेच सगळ्यांचं लक्ष सुटतं. ढीग आता अमकीचा म्हणून मंडळी सैलावतात, आणि ते शेवटचं साधं पान कधी कधी एक सोडून आधीच्याशी जुळलेलं असतं. गुलामाखाली नव्वी होती, वर पुन्हा नव्वी पडली, तर गुलामवालीने उचलण्याआधी ज्याचा हात पडेल त्याचा ढीग. दादाने असे दोन मोठे ढीग माझ्यासमोरून नेले, तेव्हापासून मी ढीग उचलला जाईपर्यंत नजर हलवत नाही.

नजर ढिगावर ठेवायची, आपल्या हातातल्या गठ्ठीवर नाही, समोरच्यांच्या तोंडाकडे तर नाहीच. मनात फक्त दोन पानं ठेवायची, वरचं आणि त्याच्या खालचं. मी ती मनात मराठीत म्हणते: पंजी, दश्शी, दश्शी आणि हात खाली. छक्की, तिर्री, छक्की आणि हात खाली. तूही आपल्या शब्दांत म्हणून बघ. तिथे इंग्रजीतून आकडा आठवत बसशील तर तेवढ्यात दुसरीचा हात पडेल. दिसल्यापासून हात हलेपर्यंत माणसाला साधारण पाव सेकंद लागतो. तिकडच्या मुली काही तुझ्यापेक्षा वेगळ्या डोळ्यांच्या नाहीत. त्यांना सवय आहे, इतकंच.

मी शाळेत खो-खो खेळायचे हे तुला ठाऊक आहे. चौकात बसलेल्या गड्याला खो मिळाल्याशिवाय उठायचं नसतं, आधी उठलं की फाऊल. पण म्हणून तो ऐसपैस बसत नाही. चवड्यांवर भार, बोटं जमिनीला टेकलेली, कान मागे. पत्त्यांच्या या डावात नेमकं तसंच बसायचं. तू सोफ्यावर टेकून बसलीस तर तुझा हात कधीच वेळेवर पोचणार नाही. खाली उतर, मांडी घाल, पुढे झुक.

आता काही बारीकसारीक. पान उलटताना ते आपल्या अंगाकडून बाहेरच्या बाजूला उलटायचं, म्हणजे आपल्याला ते इतरांच्या आधी दिसत नाही. कुणी आपल्याकडे उलटून बघत असेल तर शांतपणे सांग, ऐकून घेऊ नकोस. हात तळव्याने मारायचा, मूठ किंवा नखं नाहीत. आजीने दिलेली खड्याची अंगठी खेळायला बसण्याआधी काढून ठेव. आमच्याकडे दादाच्या हाताला माझ्या पाटलीचा कोपरा लागून चांगला ओरखडा आला, तेव्हापासून आजी आणि मी बांगड्या-पाटल्या उतरवून स्टीलच्या ताटलीत ठेवतो. आणि काचेच्या टेबलावर खेळत असाल तर एखादी जाड चादर अंथरा. पानं घसरत नाहीत, हात शेकत नाहीत, आणि रात्री आवाजही कमी होतो.

दोन हात एकदम पडले की वाद होणारच. सगळ्यात खाली ज्याचा तळवा पानाला टेकलेला, त्याचा ढीग. तुझा हात खाली होता हे तुला दिसलं असेल तर तसं सांग. मला तुझी काळजी वाटते ती इथे. तू "जाऊ दे, तूच घे" म्हणून मोकळी होशील. एकदा म्हणालीस तर चालेल, दर वेळी नको. समोरच्यांनाही तसा सोडून दिलेला ढीग नको असतो. त्यांना तू खेळायला हवी आहेस. खरंच कळलं नसेल तर जी खेळत नाही तिला विचारा आणि ती म्हणेल ते माना.

आजीची गोष्ट सांगायची राहिली. तिला नियम सांगितले तेव्हा ती म्हणाली, "अगं, हा तर आपला भिकार-सावकारच की." आणि बसली. गुडघ्यामुळे तिला खाली बसता येत नाही, म्हणून आम्ही पाट मांडून त्यावर चादर घालून तिच्या खुर्चीच्या उंचीला आणला. पहिल्या संध्याकाळी तिची सगळी पानं लवकर संपली. आम्हाला वाटलं, आता ती माळ घेऊन बसेल. पण पानं संपली तरी हात मारून परत डावात येता येतं हे तिने दादाकडून नीट विचारून घेतलं होतं. चष्मा पुसला, डावा हात मांडीवर, उजवा पाटाच्या कडेवर, आणि गप्प. दादा आणि मी आमच्याच नादात. चौकटची चव्वी पडली, माझ्या हातून किलवरची चव्वी पडली, आणि मला कळायच्या आत आजीचा सुरकुतलेला तळवा त्यावर होता. दादाचा हात तिच्या हातावर, माझा त्याच्यावर. सोळा-सतरा पानं असतील. तिने ती सावकाश गोळा केली, कडा जुळवल्या आणि म्हणाली, "कुणाची पाळी?"

ती त्या दिवशी जिंकली नाही. पण दुसऱ्या दिवशी आमटी गॅसवर असतानाच तिने कॅट काढून ठेवला होता. घरात इतके हात एकमेकांवर पडून बराच काळ झाला होता, मृणाल. तू गेल्यापासून जेवणं झाली की ज्याने त्याने फोन घेऊन आपापल्या खोलीत जायचं असं चाललं होतं. म्हणून तुझ्या त्या मैत्रिणींचे मी मनातून आभार मानते.

तू त्यांच्याबरोबर प्रयोगशाळेत असतेस, वर्गात असतेस, पण तिथलं बोलणं कामापुरतं, असं तूच सांगतेस. त्या पाच जणी तुला रोज बोलावतात, याचा अर्थ त्यांना तू बसायला हवी आहेस. नियम येतात की नाही याची परीक्षा कुणी घेत नाहीये. पहिल्या दिवशी तुझी पानं झरझर जातील, ती जाऊ देत. गेल्यावर उठून सोफ्यावर जाऊ नकोस, तिथेच बस. पानं नसलेलीलाही हात मारता येतो.

बसण्याआधी त्यांना एवढं विचारून घे: राजा-राणी लागोपाठ पडली तर हात मारता येतो का? दोन पानांची बेरीज दहा झाली तर? ढिगातलं सगळ्यात खालचं आणि सगळ्यात वरचं जुळलं तर? चुकीच्या हाताला दंड एक पान की दोन? आणि पान उलटतो त्याच हाताने मारायचं की दुसऱ्या? आम्ही सध्या फक्त जोडी आणि एक सोडून जोडी एवढंच ठेवलं आहे, पण दादा बेरजेचा नियम आणायला बघतो आहे. आजी म्हणते, बेरीज आणलीस तर तुम्हा दोघांचं काही खरं नाही. चाळीस वर्षं दूध डेअरीचा हिशेब तिने तोंडी केला आहे.

तुमच्याकडचे नियम सविस्तर लिहून पाठव, शनिवारी दादाचे मित्र येणार आहेत.

तुझी,
आई