मार्चनंतर जहाज नाही

प्रिय बाय,

रविवारी फोन तू ठेवलास की मी ते आता आठवत नाही. तुझी आई म्हणते मीच. असेल. बर्फच बघायचा होता तर अंटार्क्टिकाला कशाला, आपल्या रत्नागिरीत मिरकरवाड्याच्या बर्फाच्या कारखान्यात काय कमी होता असं मी बोललो ते रागात गेलं तोंडातून. परवा तुझं केपटाऊनचं विमान, त्याआधी फोन केला तर परत तेच होणार म्हणून टाइप करतोय. दादाच्या पोरीने मराठी कीबोर्ड टाकून दिलाय, चुका समजून घे.

पहिलंच सांगतो, मार्चचा विषय काढणार नाही.

तुमच्या अंटार्क्टिकातल्या भारती स्टेशनचा फोटो जेटीवर सगळ्यांना दाखवला. १३४ कंटेनर जोडून बांधलंय म्हटल्यावर मला जरा बरं वाटलं, कंटेनर म्हणजे निदान ओळखीची वस्तू. तांडेल म्हणतो, एवढ्या लांब बर्फ आणायला धाडतायत पोरीला? मी म्हटलं आणायला नाही रे, वाचायला. मग तू सांगितलेलं सगळं त्याला सांगितलं, की तिथे पडलेला बर्फ वितळतच नाही, वर्षावर वर्ष थर बसत जातात आणि साठ-शंभर मीटर खाली गेला की दाबाने मधली हवा कोंडली जाते ती कायमची. तिथेच डोम सी नावाच्या जागी तीन किलोमीटरच्या वर खोल भोक पाडून ८ लाख वर्षांपूर्वीची हवा वर काढली, त्या ८ लाख वर्षांत कार्बन डायऑक्साइड कधी ३०० च्या वर गेला नव्हता आणि आत्ता ४२० च्या पुढे आहे. तांडेल गप्प झाला, मग म्हणाला ३०० काय, किलो? मला पटकन सांगता येईना. दहा लाखात ३०० ना? कळव, तो रोज विचारतो.

गंमत बघ, मी कारखान्यात एकतीस वर्षं त्याच हवेशी भांडलो. कॅनमध्ये नळी सोडून पाणी सारखं हलतं ठेवायचं तेव्हा कुठे लादी काचेसारखी धरायची, नळी वेळेत काढली नाही तर आतच अडकायची आणि शेटच्या शिव्या. तरी हवा अडकून मधला गाभा पांढरा राहायचाच. गिऱ्हाईक तो पांढरा बघून नाक मुरडायचं, आणि तुम्ही लोक त्या पांढऱ्यासाठी पृथ्वीच्या टोकाला चाललात. तू सहा-सात वर्षांची असशील, डबा घेऊन आली होतीस, टाकीतून नुकत्या काढलेल्या लादीला कान लावून बसलीस. म्हणालीस आत चटचट वाजतंय. मग विचारलंस बाबा ह्या बुडबुड्यात कुठली हवा? मी म्हटलं मिरकरवाड्याची, वास घे, बांगड्याचा येईल. तू खरंच वास घेतलास आणि नाक चिकटलं. घरी आल्यावर आईने मलाच झोडपलं. तुला आठवत नसेल.

त्याच कारखान्यात ज्या वर्षी व्हॉल्व्ह फुटला ते मात्र तुला आठवतंच. अमोनिया डोळ्यात गेला की दिसत नाही काही, श्वास घ्यावा तर घसा जळतो. मागचं दार उघडं होतं म्हणून मी आणि गण्याचा बाप बाहेर आलो, वारा बघितला आणि खाडीच्या बाजूला पळालो. तेव्हापासून कुठेही गेलो तरी आधी दार कुठे आहे ते बघतो, लग्नाच्या हॉलमध्येसुद्धा. म्हणून त्या दिवशी तू म्हणालीस की मार्चमध्ये शेवटचं जहाज गेलं की पुढे सात-आठ महिने कोणी येत नाही, कोणी जात नाही, तेव्हा माझ्या डोक्यात तेच आलं. दार उघडून बाहेर पडलीस तरी जाणार कुठे? दोन महिने तर सूर्यच नाही. बघ, काढला विषय. सोड.

इस्रोच्या त्या मंगला मणी बाई छप्पन्नाव्या वर्षी भारतीवर ४०३ दिवस राहून आल्या हे तू तीनदा सांगितलंस, मी तीनही वेळा ऐकलंय. त्यांच्या घरीही कोणी जागं राहिलं असेलच.

बाहेर पडताना एकटी पडू नको. औलीच्या ट्रेनिंगला दोर बांधून चालायला शिकवलंय ना, मग तिथेही बांध, कोणी हसलं तरी बांध. बर्फावरची भेग वरून दिसत नाही म्हणतात. हातमोजा काढून फोटो काढत बसू नको. दाढ दाखवलीस का? मागच्या गणपतीत ठणकत होती, तिथे... जाऊ दे. मी लेक्चर द्यायला लागलो. तू पीएचडी आहेस आणि मी दहावी, माफ कर.

अजून एक, परवा मी पातेल्यात पाणी काठोकाठ भरून बर्फ टाकून बघितला. पूर्ण वितळला तरी थेंब सांडला नाही. तू म्हणालीस तसंच, तरंगणाऱ्या बर्फाने पातळी वाढत नाही, जमिनीवरचा समुद्रात आला की वाढते. आईने विचारलं हे काय खूळ, मी म्हटलं संशोधन. पण अंटार्क्टिकाचा सगळा वितळला तर समुद्र ५८ मीटर चढेल हे ऐकल्यापासून मी जेटीवर उभा राहिलो की वर भगवती किल्ल्याकडेच बघतो. सगळा काही वितळत नाही, कळतं मला. पण तौक्ते वादळाच्या रात्री पाणी कुठवर आलं होतं ते आपण दोघांनी पडवीत उभं राहून बघितलंय, त्याला मीटर लागले नव्हते. कोणीतरी जाऊन मोजायलाच पाहिजे. ते कोणीतरी आपल्याच घरातलं का, एवढंच माझं म्हणणं होतं रविवारी, पण ते नीट बोलता आलं नाही.

छातीचा फोटो काढून झाला. तुला सांगायचं नाही असं ठरलं होतं. घाबरण्यासारखं काही नाही, धाप जुनीच आहे, डॉक्टर म्हणाले दर तीन महिन्यांनी दाखवा. हे तू जायच्या आत सांगावं की नको यावर आईचं नि माझं दोन दिवस चाललं होतं. तू म्हणशील मग मी राहते. राहू नको. खरंच नको. फक्त मार्चनंतर इथून काही कळवायची वेळ आली तर कसं कळवायचं, स्टेशनचा नंबर रात्री लागतो का, ते आईला नीट लिहून दे, माझ्या फोनमध्ये नको, माझा फोन हरवतो.

वास्कोच्या पत्त्यावर पार्सल टाकलंय. कुळथाचं पीठ आईचं, आणि लोकरीचे मोजे माझे, कोल्ड रूमचे, टाचेला रफू आहे पण गरम आहेत.

आणि जहाज निघालं ना मार्चमध्ये, की एक फोन कर. तिथे कितीही वाजलेले असोत.

बाबा