मिशन बेवरचं दगडी घर

चि. निनाद,
अनेक आशीर्वाद.

ऑकलंडच्या मिशन बेवरच्या त्या जुन्या दगडी इमारतीचा फोटो तू पाठवलास. खाली एवढंच, "बाबा, इथे पूर्वी शाळा होती." कोणाची, ते शोधायला बसलो आणि सगळा आठवडा त्यातच गेला.

ती जॉन कोलरिज पॅटसन यांची; ते मेलनेशियाचे, म्हणजे पॅसिफिक महासागरातल्या एका बेटसमूहाचे, पहिले बिशप. 1855 मध्ये इंग्लंडहून निघाले. त्यांची बेटावर उतरायची रीत वाचून मी थक्क झालो. होडी प्रवाळाच्या खडकांबाहेर थांबवायची आणि आपण पोहत किनाऱ्याला जायचं, भेटवस्तू हॅटमध्ये ठेवून. तिथे पोचलं की माणसांची नावं विचारून वहीत टिपून घ्यायची. पुढच्या फेरीला ज्याला त्याला नावानं हाक! तेवीसेक भाषा त्यांना येत होत्या म्हणतात. पुढे शाळेत शिकवायचे तेही मोटा बेटाच्या भाषेत, इंग्रजीत नाही.

त्याच समुद्रात क्वीन्सलँड आणि फिजीच्या मळ्यांसाठी माणसं पळवणारी जहाजं फिरू लागली. 20 सप्टेंबर 1871 ला बिशप नुकापू नावाच्या बेटावर एकटेच किनाऱ्यावर गेले. परत आली ती वाहत्या होडीतली, चटईत गुंडाळलेली त्यांची काया. छातीवर एक झावळी, तिला पाच गाठी. पळवून नेलेल्या पाच माणसांचा तो सूड होता, असं मानतात. वय अवघं 44.

पण माझी झोप उडवली ती त्यांच्या वडिलांनी. न्यायाधीश होते, ऐकू येईना म्हणून निवृत्त झालेले, पत्नी आधीच गेलेली. मुलानं तिकडे जायची परवानगी मागितली तेव्हा त्यांनी ठरवलं, द्यायचा तर पुरता द्यायचा. मला भेटायला परत आलंच पाहिजे, हे ओझं त्याच्या डोक्यावर नको. भेट पुन्हा झालीच नाही. फेब्रुवारी 1861 मध्ये मुलगा ऑकलंडला बिशप झाला आणि जूनमध्ये वडील गेले.

मी मात्र दर शनिवारी पहिलं वाक्य काय बोलतो, तर "कधी येतोयस?" तू गप्प होतोस, मग आईकडे फोन दे म्हणतोस. त्या गप्प होण्याचा अर्थ मला आत्ता कळला रे.

या शनिवारी गणपतीच्या तिकिटाचं विचारणार नाही. तू मागे सांगितलंस ना, खालच्या मजल्यावरचे सामोअन आजोबा तुला रोज हात करतात? त्यांचं नाव मला सांग.

तुझे
बाबा