सशांसाठी नुसता विषाणू पुरणार नाही

महोदय,

ऑस्ट्रेलियात सशांचा उपद्रव वाढला की ‘नवा विषाणू सोडा’ अशी मागणी होते. १८५९ मध्ये थॉमस ऑस्टिन यांनी शिकारीच्या हौसेपायी व्हिक्टोरियात इंग्लंडहून आणलेले ससे सोडले. हौस एकाची, भुर्दंड अख्ख्या खंडाला! पश्चिम ऑस्ट्रेलियाने १९०७ पर्यंत तीन हजार किलोमीटरांहून लांब कुंपणे घातली. ससे काम चालू असतानाच पलीकडे पोहोचले होते. १९५० मध्ये सशांना जीवघेणा आजार देणारा मिक्सोमा विषाणू सोडला. आधी ससे पटापट मेले, पण उरलेल्यांत प्रतिकारशक्ती आली आणि विषाणूही सौम्य झाला. १९९५ मध्ये दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या वॉर्डांग बेटावरच्या चाचणीतून कॅलिसिव्हायरस हा सशांना मारणारा दुसरा विषाणू निसटला. कोरड्या भागात त्याने काम केले, थंड-दमट भागात बेताचेच.

विषाणूने संख्या घटते, बिळे मात्र शाबूत राहतात. ती ट्रॅक्टरने खोल नांगरून मोडायला हवीत आणि तीही ससे कमी असतानाच. हेक्टरी एखादा ससाही काही देशी झाडांची रोपे वर येऊ देत नाही. एकाच शेतकऱ्याने बिळे मोडून भागत नाही, शेजारच्या रानातून ससे परत येतात. सरकारी मदत द्यायचीच तर शेजारी शेतकऱ्यांच्या गटाला द्यावी, सुट्या अर्जांना नको.

– एक मराठी वाचक, मेलबर्न