कट-ऑफच्या तक्त्याशेजारी बाकीच्या सवलतीही छापा

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

राखीव जागांवर कमी मार्कांची माणसं घेतात म्हणून सरकारी कामाचा दर्जा घसरला, अशी पत्रं आपल्या सदरात अधूनमधून येतात. मी महसूल खात्यात एकतीस वर्षं काढली, लिपिक म्हणून लागले आणि अव्वल कारकून म्हणून रिटायर झाले, आणि दरवेळी असं पत्र वाचलं की एकच विचारावंसं वाटतं, परीक्षेतली सवलत म्हटलं की फक्त एससी-एसटीचीच का दिसते?

विभागीय परीक्षा पास झाल्याशिवाय बढती नाही हा आमच्याकडचा नियम. पण वयाची ४५ वर्षं पूर्ण झाली की त्या परीक्षेतून सूट मिळते, जात कुठलीही असो. माझ्या डोळ्यांसमोर कितीतरी जणांनी दोनदोन तीनतीन वेळा पेपर दिले, सुटले नाहीत, मग पंचेचाळिशीची वाट बघत थांबले आणि सूट घेऊन वर गेले. त्यांनी पेढे वाटले, आम्ही खाल्ले, प्रशासनाची कार्यक्षमता बुडाली असं कुणी म्हणालं नाही. अनुकंपावर लागलेल्या मुलांना तर स्पर्धा परीक्षाच नसते, टायपिंगचं सर्टिफिकेटही नंतर आणून द्यायला मुदत मिळते, आणि मिळायलाच हवी, कमावता माणूस गेलेलं घर असतं ते. माजी सैनिकांना वयात सूट आहे, खेळाडूंना राखीव जागा आहेत. हे सगळं बरोबरच आहे. माझं म्हणणं एवढंच की यातल्या कुणाच्या पाठीमागे आयुष्यभर 'कोट्यातला' हा शब्द चिकटत नाही.

माझ्या शेजारच्या टेबलावर एक मुलगा आला होता, ठाकर समाजातला, एसटीच्या जागेवर. पहिल्याच आठवड्यात एकाने त्याला सगळ्यांसमोर विचारलं, किती मार्कांवर लागलास रे? त्याने खरे मार्क सांगितले आणि मान खाली घालून टपाल नोंदवत बसला. मी तेव्हा गप्प राहिले, ते मला आजही टोचतं. पुढे दोनेक वर्षांनी एक जमिनीची फाईल टेबलांवरून फिरत फिरत त्याच्याकडे गेली, आमच्या सगळ्यांच्या सह्या झालेल्या, माझीसुद्धा. त्याने जुना सातबारा काढला, इतर हक्काच्या रकान्यावर बोट ठेवलं आणि मला म्हणाला, "ताई, खातेदार आदिवासी आहे, कलेक्टरची परवानगी कुठेय यात?" आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे जायची तर कलेक्टरची मंजुरी लागते असं सांगणारं जमीन महसूल संहितेचं कलम ३६-अ मला पाठ होतं, परीक्षेत लिहूनही आले होते, पण त्या कागदावर ते मला दिसलं नाही. त्याला दिसलं, कारण त्याच्या आजोबांची जमीन अशीच गेली होती. जिच्या नावावर ती जमीन होती ती म्हातारी तासन्‌तास बाहेर बाकड्यावर बसलेली असायची, आणि तिच्याशी तिच्या बोलीत बोलणारा आमच्या अख्ख्या ऑफिसात तो एकटाच.

आता मार्कांचं बोलू. यूपीएससीच्या २०२२ च्या सिव्हिल सर्व्हिसेस परीक्षेत शेवटच्या निवडीचा कट-ऑफ २०२५ पैकी जनरलला ९६० होता, एसटीला ९०० आणि एससीला ८९३. म्हणजे फरक साठ-सदुसष्ट मार्कांचा, तीन-साडेतीन टक्क्यांचा, आणि ज्यांनी पुण्यात-दिल्लीत रूम घेऊन दोनदोन वर्षं क्लास केले आणि ज्यांनी शेतावरची कामं आटपून अभ्यास केला ते दोघं एकाच पेपरला बसलेत, तर एवढ्याशा फरकावरून कोण चांगला अधिकारी होईल हे कसं ठरवायचं? इंटरव्ह्यूच एकटा २७५ मार्कांचा असतो.

कार्यक्षमतेचा मुद्दा कोर्टातही जाऊन आलाय. १९९६ मध्ये सुप्रीम कोर्टाने बढतीच्या परीक्षेत एससी-एसटीसाठी पात्रता गुण शिथिल करता येणार नाहीत असा निकाल दिला, त्याच्या आधाराने केंद्राने १९९७ ला सवलत काढून घेतली, आणि २००० साली ८२वी घटनादुरुस्ती करून, प्रशासनाची कार्यक्षमता राखायची अट ज्यात आहे त्या कलम ३३५ मध्येच ती लिहून टाकली. संसदेनं विचार करून केलेली गोष्ट आहे ती, कुणी चोरून दिलेली नाही. अश्विनी देशपांडे आणि थॉमस वाइसकॉफ या अर्थतज्ज्ञांनी भारतीय रेल्वेची १९८० ते २००२ ची आकडेवारी तपासली, तेव्हा एससी-एसटी कर्मचाऱ्यांमुळे उत्पादकता घटल्याचा पुरावा त्यांना सापडला नाही, उलट वरच्या पदांवर त्यांचं प्रमाण जास्त होतं तिथे चित्र थोडं चांगलंच दिसलं. ज्यांना दर्जाची खरंच काळजी आहे त्यांनी हे वाचावं.

नवीन लागलेल्या पोरांना, मग ती कुठल्याही जागेवरची असोत, पहिले सहा महिने फेरफार, टिपणी, लेखा हे बसून शिकवणारं कुणी नसतं. काम बिघडतं ते तिथे. त्याबद्दल पत्र आलेलं मला आठवत नाही.

आपल्याला एक विनंती. निकालाच्या दिवशी आपण प्रवर्गानुसार कट-ऑफचा तक्ता छापता. पुढच्या वेळी त्याच्या शेजारी दुसरी एक चौकट द्या, ४५ वर्षांची सूट, अनुकंपा, माजी सैनिक, खेळाडू, सगळ्या सवलती आणि त्या कुणाकुणाला मिळतात ते. माहिती कुणाला विचारायची असेल तर कुठल्याही तहसील ऑफिसातला आस्थापनेचा कारकून सांगेल.

आपली,
एक निवृत्त अव्वल कारकून, ठाणे जिल्हा