नंदूस पत्र: स्वप्ननादाविषयी

वेंगुर्ले,
शुक्रवार रात्र

प्रिय नंदू,

सप्रेम नमस्कार.

तुझ्या कथेचा खर्डा एका बैठकीत वाचून काढला. आवाजाने अख्ख्या गावाला एकच स्वप्न दाखवणारं शास्त्र, त्याचं ‘स्वप्ननाद’ हे नाव, बंदरावरची ती प्रयोगशाळा, सगळं मनापासून आवडलं. रात्री जमिनीलगतची हवा गार आणि वरची उबदार असली की आवाज खाली वळतो आणि गाज लांबवर पोचते, हे तर तू फार छान वापरलंस. पण एक गोष्ट पटली नाही, आणि ती कथेच्या मुळाशीच आहे.

तुझे शास्त्रज्ञ गाजेतूनच स्वप्न पेरतात. अरे, आपल्याला झोपेत गाज कुठे जाणवते? रोजच्या एकसुरी आवाजाची मेंदू दखल घेणंच सोडून देतो. पुण्याचा पाहुणा पहिल्या रात्री कूस बदलत राहतो आणि आपण ढाराढूर. उलट कुणी हळूच आपलं नाव घेतलं तरी डोळा उघडतो. आत शिरायला आवाजाला काही अर्थ असावा लागतो.

2009 साली अमेरिकेतल्या नॉर्थवेस्टर्न विद्यापीठात हेच दिसलं. लोकांना पडद्यावरच्या 50 चित्रांच्या जागा लक्षात ठेवायला दिल्या, प्रत्येक चित्राला त्याचा आवाज: मांजराला म्यांव, किटलीला शिट्टी. मग झोपेत त्यातले 25 आवाज हलकेच वाजवले. जागे झाल्यावर त्याच चित्रांच्या जागा जास्त बिनचूक आठवल्या, आणि झोपेत काही वाजलं होतं याचा कुणाला पत्ताही नव्हता. 2022 मध्ये जिनिव्हात दुःस्वप्नांनी छळलेल्या लोकांकडून जागेपणी त्या स्वप्नाचा शेवट बदलून घेतला. काहींना त्याच वेळी पियानोचा एक स्वरमेळ ऐकवला आणि रात्री स्वप्नांच्या झोपेत तोच वाजवला. त्यांची दुःस्वप्नं इतरांपेक्षा जास्त कमी झाली.

म्हणजे जागेपणी आवाजाशी जे बांधलं असेल, तेच तो झोपेत जागवतो. दोघांना एकच स्वप्न पडणं ही तुझ्या कल्पनेची झेप, ती तू बेधडक घे. पण त्याआधी त्या दोघांनी एकच काहीतरी ऐकलेलं, पाहिलेलं हवं.

आणि ते आपल्याकडे आहे की! जत्रेतला दशावतार आठव. मध्यरात्र उलटलेली, पुढच्या चटयांवर आयांच्या मांडीत पोरं झोपलेली. पेटी चालू असते तोवर कुणी हलत नाही. पखवाजावर थाप पडते, झांज कडकडते, राक्षस आरोळी ठोकत येतो, आणि चार-पाच पोरांच्या पापण्या एकदम थरथरतात. जाग मात्र कुणालाच येत नाही. गेल्या जत्रेत हे मी अगदी जवळून पाहिलं. पहाटे शेजारचा बाळू राक्षसाची हुबेहूब नक्कल करू लागला, तर त्याची आजी म्हणाली, “मगे तुका कसा कळला?” त्याने स्वप्नात काय पाहिलं ते मी कसं सांगू! पण तुझं शास्त्र इथून सुरू व्हायला हवं असं मला तेव्हापासून वाटतंय. गाज पार्श्वभूमीला राहू दे, खूण झांजेची कर. मग तेच स्वप्न मुंबईच्या चाळीत झोपलेल्या चाकरमान्यालाही पडेल आणि खालच्या मजल्यावरच्या परक्याला पडणार नाही. कथेला केवढी जागा मिळेल बघ!

दुसरं म्हणजे, झोपलेल्यांना कुणी विचारतच नाही, हे मला फार खुपलं. तुझा प्रमुख गावाचं भलं करायला निघालाय हे मान्य, पण दुसऱ्याच्या झोपेत शिरायचं म्हणजे लहान गोष्ट आहे का? आणि विचारता येतं, नंदू. 2021 साली चार देशांतल्या प्रयोगशाळांनी स्वप्नात असलेल्या, पण आपण स्वप्नात आहोत हे ओळखणाऱ्या माणसांना प्रश्न विचारले. आठातून सहा गेले किती, यावर एकाने बंद पापण्यांआड डोळे दोनदा डावी-उजवीकडे फिरवून उत्तर दिलं. तुझ्या कथेतली सुमनताई तेच करू दे. प्रयोगकर्ता विचारेल, “येऊ का?” आणि ती डोळ्यांनी ‘नाही’ म्हणेल. पुढे तो काय करतो, ते तू लिही.

कार्तिकात जत्रा सुरू होतील. दुसरा खर्डा लिहायच्या आधी ये आणि पूर्ण रात्र बस. काकूंना नमस्कार सांग.

तुझा,
विनय