किल्ली आणि अडकित्ता

चि. मुक्ता हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

गेल्या खेपेस आली होतीस तेव्हा तू मला माया डेरेन आणि अलेक्झांडर हामिद या दांपत्याने १९४३ साली लॉस एंजेलिसमधील आपल्या राहत्या घरी चित्रित केलेला ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा जेमतेम चौदा मिनिटांचा चित्रपट दाखवलास, आणि तो संपताच मी काही न बोलता स्वयंपाकघरात निघून गेले. आईला तो कळला नाही, असे तुला वाटले असेल. तसे नव्हते, तो फार ओळखीचा वाटला, म्हणून बोलवेना.

त्यात भूतखेत नाही, काळोखही नाही. भर दुपारचे ऊन, पायऱ्यांवरून निसटणारी किल्ली, पावात खुपसलेली सुरी, जिन्यावर काढून ठेवलेला फोनचा रिसीव्हर, एवढेच. पण खुर्चीत डोळा लागलेली ती बाई स्वप्नात पुन्हा पुन्हा त्याच घरात शिरते तेव्हा या वस्तू जागा बदलत जातात आणि घर तिला परके होत जाते. आरशाच्या चेहऱ्याच्या काळ्या आकृतीविषयी तू पुष्कळ बोललीस. मला मात्र त्या बाईच्या तोंडातून निघणाऱ्या किल्लीनेच अधिक धस्स झाले.

तुझी आजी गेली त्यानंतरच्या उन्हाळ्यात, घरात कुणी नसताना मी दुपारी जरा आडवी झाले की माजघरातून तिच्या अडकित्त्याचा आवाज येई. उठून पाहावे तर अडकित्ता पानाच्या डब्यात, जसाच्या तसा. एके दिवशी जाग आली तेव्हा तो माझ्या उशाशी होता. मीच आणला असणार, पण आणल्याचे आजही आठवत नाही. हे मी तुझ्या बाबांनाही कधी सांगितले नाही.

तू आता स्वतःचा लघुपट करते आहेस, म्हणून एवढेच सांगते की धूर आणि निळ्या प्रकाशाच्या नादी लागू नकोस. जिन्यात ती बाई या भिंतीवरून त्या भिंतीवर फेकली जाते, ते दृश्य केवळ कॅमेरा झुकवून आणि तिने अंग झोकून साधले आहे, हे तूच मला सांगितलेस. संगीताचीही घाई करू नकोस. तो चित्रपट मुळात मूक होता, तेईजी इतो यांचे संगीत १९५९ साली जोडले गेले.

अडकित्ता अजून त्याच डब्यात आहे. चित्रीकरणासाठी हवा असल्यास घेऊन जा.

तुझी,
आई